सुभाषच्या नावाची कुस्ती

"हलगी ऐकू आली तरी बाहेर यायचं न्हाई," ज्ञानू वस्ताद म्हणाले. "मी माणूस धाडतो. तवर हितंच बसायचं, गप."

मोरवड्याच्या मराठी शाळेतल्या चौथीच्या वर्गात मी एका बाकावर बसलो होतो. बाक चौथीच्या पोरांच्या मापाचा, त्यामुळे माझे गुडघे पार छातीला लागत होते. बाहेर जत्रा भरली होती. पिपाण्या वाजत होत्या, भेळवाले ओरडत होते, आणि मैदानाच्या बाजूनं माइक तपासणाऱ्याचं ‘हॅलो, हॅलो’ संपता संपत नव्हतं. वर्गाच्या खिडक्या वस्तादांनी आल्या आल्या स्वतःच्या हातानं लावून घेतल्या होत्या.

"एक तरी उघडी असू द्या की वस्ताद. जीव उकडून निघालाय."

"नगं. पैलवानाला नजर लागती."

पैलवान म्हणाले. बास, तेवढ्यावर मी आणखी दोन तास उकडून घ्यायला तयार होतो. शहाणा माणूस विचारतो की बंद खोलीत बसलेल्याला कुणाची नजर लागणार? पण मी त्या दिवशी शहाणा नव्हतो. मी खुश होतो.

"जोड कुणाशी लावलीय?" मी विचारलं.

"चिखलगावच्या मुलाण्याचा अस्लम. तुझ्याच वजनाचा. एकेरी पट चांगला काढतो, तेवढा पाय सांभाळायचा."

"त्याला काय सांगितलंय?"

"काय सांगायचंय? सुभाष खोत, ज्ञानू वस्तादाचा पठ्ठा. झालं."

ते नाव मी पहिल्यांदाच आडनावासकट ऐकलं. वस्तादांनी माझ्या मानेवर नेहमीसारखी थाप मारली, दार ओढून घेतलं आणि ते गेले.

घरच्यांनी माझं नाव नंदा ठेवलं होतं. खोतांची नंदा. एकोणीस वर्षांची, केस पोरांसारखे बारीक, दोन्ही कान कुस्तीनं मोडून भज्यासारखे झालेले. गावात त्याचं कुणाला नवल नव्हतं. आमच्याकडं कुस्ती करणाऱ्या पोरीला सगळं माफ असतं. तिनं पॅन्ट घातली तरी चालते, गाडी हाणली तरी चालते, आणि आमच्या भागातल्या बायका एरवीही ‘मी आलो, मी जातो’च म्हणतात, त्यामुळे माझ्या तोंडी कुणाला काही खटकलं नाही. सगळ्यांना वाटायचं, पोरगी कुस्तीपायी अशी झाली. खरं तर मी तसा होतो म्हणून कुस्तीत तग धरून होतो. तालीम ही एकच जागा होती जिथं मला कुणी ओढणी घे म्हणायचं नाही.

मुलींच्या गटात मी जिल्ह्याला दोनदा पदक आणलं होतं. त्या पोरी काही लेच्यापेच्या नव्हत्या. दोघीतिघींनी मला चांगली धूळ चारली होती. पण जिंकल्यावर पंच माझा हात वर करायचे तेव्हा दर वेळी वाटायचं, दुसऱ्याच्या पंगतीत बसून लाडू खाल्ला. लाडू गोड लागायचा आणि घशाखाली उतरायचा नाही.

हे मी आयुष्यात पहिल्यांदा सांगितलं ते ज्ञानू वस्तादांना. आदल्या उन्हाळ्यात आम्ही दोघंच तालमीच्या हौद्यातली माती उकरत होतो. ताक आणि तेल घालून ती खालीवर करायची होती. मी खोरं थांबवलं आणि म्हणालो, "वस्ताद, मी पोरगी न्हाई."

वस्तादांनी मानसुद्धा वर केली नाही. म्हणाले, "मला काय नवीन सांगायलाईस? माझा पठ्ठा हाईस तू." मग चार खोरी माती ओढून झाल्यावर त्यांनीच विचारलं, "नाव काय ठेवलंस मग?"

"सुभाष."

"सुभाष? हे काय पैलवानाचं नाव हाय? संग्राम ठेव, शार्दूल ठेव. सुभाष आमच्या हितला दूधवाला हाय."

"म्हणूनच," मी म्हणालो. मला वाघसिंह व्हायचं नव्हतं. सुभाष दूधवाला सकाळी सायकलवरून जायचा, लोक त्याला ‘काय सुभाष’ म्हणायचे, तो ‘काय न्हाई’ म्हणायचा. मला तेवढंच पाहिजे होतं. वस्ताद पोट धरून हसले. पण त्या दिवसापासून तालमीत आम्ही दोघंच असलो की ते मला सुभाष म्हणायला लागले. ‘सुभाष, आलास?’ ‘सुभाष, कोपर आत घे.’ चौघांत नंदा आणि दोघांत सुभाष. मला वाटायचं, ते मला जपतायत. घरी आई होती, आबा होते, दोन चुलते होते, आणि तरी मला जगात आपला माणूस म्हणावा असा एकच होता.

त्या थंडीत घरी माझ्यासाठी पोरं बघायला सुरुवात झाली. त्याच सुमारास राज्याच्या मुलींच्या गटाची निवड चाचणी जाहीर झाली. मी वस्तादांना सांगितलं, आता पोरींत लढणार नाही, माझ्यानं होत नाही. कुस्ती सोडून कुठंतरी कामाला जातो. वस्ताद दोन दिवस माझ्याशी बोलले नाहीत. तिसऱ्या दिवशी हौद्याच्या कडेला बसवून म्हणाले, "तुला गड्यांत एक कुस्ती पाहिजे न्हवं? देतो. लांब कुठंतरी, जिथं तुला कोण वळखत न्हाई. सुभाषच्या नावानं. मैदानात, हलगीवर, चारचौघांत. पर मागनं एवढी चाचणी खेळायची. तालमीसाठी. शब्द?"

"शब्द," मी म्हणालो.

त्या एका कुस्तीवर माझं किती काय अवलंबून होतं, ते वस्तादांना पुरतं ठाऊक होतं, कारण मीच सांगितलं होतं. मोरवड्याहून आल्यावर मी आबांना सांगणार होतो. नुसतं ‘मला असं वाटतं’ म्हटल्यावर कुठला बाप ऐकतो? पण ‘आबा, मी सुभाषच्या नावानं गड्याशी लढून आलोय, हजार माणसांनी बघितलंय’ म्हटलं तर निदान हातातली भाकरी खाली ठेवून बघतील. हरून आलो असतो तरी चाललं असतं. जिंकायचं ओझं नव्हतंच. वस्तादांनी न अडखळता, लोकांत मला गडी म्हणायचं होतं, बस.

दार वाजलं. छातीला कमिटीचा बिल्ला लावलेला एक म्हातारा आत डोकावला. त्यानं मला आपादमस्तक बघून घेतलं.

"चला. बोलीवलंय." मग थोडं थांबून म्हणाला, "फोटूत लई दांडग्या दिसता की."

"कुठल्या फोटोत?"

म्हातारा बाहेर चालू लागला. मी त्याच्यामागं गेलो आणि शाळेच्या फाटकाशी थबकलो. ज्या खिडक्या वस्तादांनी लावून घेतल्या होत्या, त्यांच्या बरोबर समोर दोन बांबूंवर फ्लेक्स ताणला होता. त्यावर मी होतो. जिल्ह्याच्या पदकाचा फोटो, गळ्यात हार, कपाळाला कुंकू. खाली कमिटीतल्या डझनभर माणसांची मुंडकी आणि वर तांबड्या अक्षरांत: ‘रणरागिणी नंदा खोत. मुलगी विरुद्ध मुलगा. बघायला विसरू नका.’

मैदानात माइकवाला तेच ओरडत होता. आवाज फुटेस्तोवर. "माताभगिनींनो, पुढं येऊन बसा. आज आपली लेक गड्याला आस्मान दाखवणार हाय."

वस्ताद आखाड्याच्या कडेला उभे होते. डोक्याला नवा फेटा. मी त्यांच्यापर्यंत कसा पोचलो मला आठवत नाही.

"वस्ताद, हे काय?"

"कमिटीनं परस्पर लावलंय," ते माझ्याकडं न बघता म्हणाले. "मलाबी आत्ताच कळलं."

"मी जातो."

"कुठं जातीस?" त्यांनी माझं मनगट धरलं. त्यांची पकड काय आहे ते माझ्याइतकं कुणाला माहीत होतं? "एवढी माणसं जमल्यात. आता माघार घेतलीस तर तुझं आन् माझं दोघांचं नाक कापलं जाईल. नाव चुकलं म्हणून कुस्ती चुकली का? समोर गडीच हाय न्हवं? जा, लढ. मागनं माइक घेतो हातात आन् सांगतो मी समद्यांना, हा माझा सुभाष म्हणून. माझा शब्द हाय."

‘जातीस’ म्हणाले, ‘जातोस’ नाही. मी ऐकलं आणि सोडून दिलं. बुडत्याला काडीचा आधार. समोर गडी होता हे तरी खरं होतं. मी वाकून मातीला हात लावला आणि आत उतरलो.

अस्लम माझ्याहून वर्षभरानं मोठा असेल. काळासावळा, खांद्यानं रुंद. त्यानं माझ्याकडं नीट बघितलंसुद्धा नाही. सलामी झाली, हाताला हात लागले आणि खडाखडी सुरू झाली. पहिल्या दोन हिसक्यांतच कळलं की पोरगं तयारीचं आहे. मान जड, हात जिवंत. मला बरं वाटलं. फ्लेक्स, माइक, सगळं मागं पडलं. मी त्याचा हात झिडकारून खाली बसलो आणि एकेरी पट काढला.

पाय हातात आला. नुसता आला.

न लढणाऱ्याला हे सांगून कळणार नाही. पैलवानाचा पाय धरला की तो मासोळीसारखा निसटायला बघतो, कंबर मागं जाते, अंगाचा सगळा भार तुमच्या मानेवर येतो. हा पाय तसा नव्हता. दावं ओढल्यावर गरीब गाय येते तसा तो माझ्याकडं आला. मी त्याला खाली घेतलं, तर त्यानं होऊन पाठ दिली. मी वर, तो खाली, कब्जा माझा. लोकांनी शिट्ट्या मारायला सुरुवात केली. हलगी वाढली.

मी त्याच्या कानाशी तोंड नेलं. "काय करायलाईस?"

"मोळी घाल," तो मातीत नाक खुपसून म्हणाला. "घाल की लवकर. मी पलटी हुतो."

"कुणी सांगितलं तुला?"

"तुज्याच वस्तादानं. आमच्या वस्तादाशी बोलून ठरवलंय. पोरगी हाय म्हणाले, थोडं खेळव आन् सांभाळून पड." मग कुरकुरत म्हणाला, "उरक की बाई. नाकात माती चाललीया."

नुरा कुस्ती. आधी ठरवून लढायची, ठरवून पडायची. आमच्या तालमीत ज्यानं नुरा केली त्याला पुन्हा हौद्यात पाय ठेवू द्यायचा नाही, असा नियम होता. नियम ज्ञानू वस्तादांचाच. मी मान वर करून कडेला बघितलं. वस्ताद दोन्ही हात वर करून टाळ्या वाजवत होते.

मला त्या क्षणी काय वाटलं ते सरळ सांगतो. फ्लेक्स बघून राग आला होता. आता राग नव्हता. आपण जेवायला बसावं आणि वाढणाऱ्यानंच ताटात थुंकावं, तसं वाटलं.

मी कब्जा सोडला आणि उठून उभा राहिलो.

"काय झालं?" पंचांनी विचारलं. लोक ओरडायला लागले. अस्लमसुद्धा गुडघ्यावर बसून माझ्याकडं बघत राहिला, काम अर्धवट टाकून गेलेल्या गवंड्याकडं बघावं तसा.

"उठ," मी म्हणालो.

तो उठला. पुन्हा हाताला हात लागले. मी त्याच्या मानेवर थाप मारली ती इतकी जोरात की पुढच्या रांगेतल्या बायका गप्प झाल्या.

"खरं लढ," मी म्हणालो.

"येडी हाईस का? पोरीला लागलं तर माझ्यावर यील."

"मी पोरगी न्हाई."

"मग?"

मी दुसरी थाप मारली. ही कानावर बसली. पैलवानाच्या मोडक्या कानावर थाप बसली की तो आई, बाप आणि वस्ताद तिन्ही विसरतो. अस्लमचे डोळे बदलले. आणि मग तो लढला.

बापरे, काय लढला. पहिल्याच झटक्याला त्यानं मला गुडघ्यावर आणलं. मी निसटलो. त्यानं पट काढला, मी कंबर मागं टाकून तो तोडला. त्याच्या घामाचा वास, छातीवर घासणारी माती, कानात हलगी. एकदा मी त्याला फिरवून खरोखर कब्जा घेतला, कुणाच्या मेहेरबानीनं नाही, आणि तो खाली घोरपडीसारखा चिकटून राहिला. मला काही तो उलटेना. पंचांनी आम्हाला दोनदा कडेवरून ओढून मधे आणलं. माइकवाल्याचं बोलणं कधी थांबलं ते कळलंच नाही. मैदानात एक वेळ अशी आली की फक्त आमचे श्वास आणि हलगी ऐकू येत होती.

मग त्यानं ढाक लावली. माझा हात त्याच्या काखेत अडकला, पाय जमिनीवरून सुटले आणि आभाळ दिसलं. दोन्ही खांदे टेकले. चीतपट.

मी मातीत पडलो होतो आणि मला हसू येत होतं. इतका चांगला मी कधी हरलो नव्हतो, त्याआधी नाही आणि नंतर तर प्रश्नच नाही. अस्लम माझ्या अंगावरून बाजूला झाला, धापा टाकत बसला. मग त्यानं हात पुढं केला आणि मला उठवलं.

"दम हाय," तो म्हणाला. "नाव काय तुजं?"

"सुभाष."

त्यानं फ्लेक्सकडं बघितलं, माझ्याकडं बघितलं. "व्हय?" म्हणाला. थोडा विचार केला. "बरं."

माइकवाल्याला कंठ फुटला. "लेक हरली, पर मनं जिंकून गेली. टाळ्या झाल्या पाहिजेत." टाळ्या झाल्या. एका बाईनं येऊन माझ्या कपाळाला कुंकू लावलं. मी वस्तादांना शोधत होतो. अजून, एवढं सगळं झाल्यावरही, मला वाटत होतं की ते माइक घेतील.

ते शाळेमागं पाण्याच्या टँकरपाशी सापडले. फेटा काढून हातात धरला होता.

"काय केलंस हे?" ते म्हणाले. आवाज चढवला नव्हता. "हातात आलेली कुस्ती घालवलीस. चिखलगावच्या वस्तादापुढं माझं तोंड काळं केलंस."

"नुरा केलीत, वस्ताद. माझ्याशी."

"तुझ्याचसाठी केली. पडली असतीस म्हंजे?"

"पडलोच की."

"तेच म्हणतोय मी. गड्याशी लढून पडणारच हुतीस. मला काय दिसत न्हाई? म्हणून तर सोय केली. जिंकली असतीस, फोटू आला असता, उद्या चाचणीला दबदबा राहिला असता."

"मला जिंकवून कुणी द्यायला नको होतं. तुम्ही शब्द दिला होता. सुभाषच्या नावानं."

वस्तादांनी उसासा टाकला. हट्टी पोराला समजवावं तसं त्यांचं तोंड झालं. तेच तोंड मला आजही दिसतं.

"हे बघ नंदा. तू तालीम सोडून निघाली हुतीस. माझ्याकडं उरलंय कोण? पोरं जिममधी जात्यात, आरशापुढं हात फुगवित बसत्यात. तुझ्यामुळं चार माणसं माझं नाव घेत्यात. पोर रडायला लागलं की चंद्र देतो म्हणावं लागतं. दिला म्हंजे काय खरंच देता येतो?"

"आणि वर्षभर? हौद्यात आपण दोघंच असायचो, तेव्हा?"

"तेव्हा काय?"

"सुभाष म्हणायचात."

"म्हणायचो. तुला बरं वाटायचं. दुप्पट जोर मारायचीस त्या दिवशी." ते फेट्याची घडी घालत म्हणाले, "माझ्या जिभेला काय झीज लागत हुती?"

केसानं गळा कापणं म्हणतात ते काय, हे मला त्या टँकरमागं कळलं. एक कुस्ती नुरा निघाली असती तर माणूस विसरतो. इथं अख्खं वर्ष नुरा होतं. ‘सुभाष, आलास?’ नुरा. ‘कोपर आत घे’ नुरा. जगात मला ओळखणारा एकच माणूस, आणि तो मला पाठ देऊन पडून दाखवत होता, मी अंगात जोर राखून तालमीत राहावं म्हणून. आणि मला कधी कळलं नाही. अस्लमचा पाय हातात येताच ओळखलं, आणि हे वर्षभर ओळखलं नाही.

"चल," वस्ताद म्हणाले. "टेम्पो निघतोय. मागं पोरांत उभी राहू नको आता, एवढ्या लोकांनी बघितलंय. पुढं डायवरशेजारी बस, बाईमाणसावानी."

मी टेम्पोत बसलो नाही. एसटीनं घरी आलो. आबांना काहीच सांगितलं नाही, सांगण्यासारखं हातात काही उरलंच नव्हतं. दोन दिवसांनी पेपरात फोटो आला: मोरवड्यात रणरागिणीची झुंज. आबांनी तो कापून भिंतीला चिकटवला. तेवढं बघितलं आणि मी घर सोडलं. चाचणीला गेलो नाही. हौद्यात पुन्हा उतरलो नाही, मुलींच्या नाही आणि गड्यांच्याही नाही. गड्यांत घेणारं तेव्हा कुणी नव्हतं, आणि विचारायचं धाडस माझ्यात उरलं नव्हतं. चाकणच्या एका कारखान्यात लागलो. पुढं औषधपाणी झालं, आवाज फुटला, दाढी आली, कागदावर नाव बदललं. सुभाष खोत, शिफ्ट सुपरवायझर. माणसं ‘काय सुभाष’ म्हणतात, मी ‘काय न्हाई’ म्हणतो. आबांनी शेवटच्या दुखण्यात मला ओळखलं आणि ‘सुभाष’ म्हणून हाकही मारली, पण ती गोष्ट वेगळी.

कुस्ती बघायची खोड मात्र सुटली नाही. कुठंतरी मैदान आहे कळलं की सुट्टी टाकतो आणि गर्दीत मधेच कुठंतरी जाऊन बसतो. गेल्या वर्षी आमच्याच भागातल्या एका जत्रेत असाच बसलो होतो. मधे एकदा कुस्त्या थांबवल्या आणि जुन्या वस्तादांचे सत्कार सुरू झाले. एका थकलेल्या म्हाताऱ्याला दोघांनी धरून उभं केलं, खांद्यावर शाल घातली, हातात माइक दिला. आवाज मी पहिल्या शब्दाला ओळखला.

"आमच्या तालमीत एक पोरगी हुती," ज्ञानू वस्ताद सांगत होते. "नंदा नावाची. आत्ताच्या पोरांनी ऐकावं. मोरवड्याच्या मैदानात चिखलगावच्या गड्याशी तिची जोड लावली मी. लोक म्हणाले, वस्ताद, पोरीला मारता काय? म्हटलं, बघा तर खरं. आन् त्या पोरीनं त्याला अशी ढाक लावली, अशी लावली, की गडी आभाळ बघत पडला. मी सोता डोळ्यानं बघितलंय."

लोकांनी टाळ्या वाजवल्या.

"पुढं लगीन झालं, संसाराला लागली बिचारी. पर तसली पोरगी माझ्या हातनं पुन्हा घडली न्हाई."

माझी ती एकच खरी कुस्ती होती. मी तिच्यात हरलो होतो आणि ती माझी होती. मी उभा राहिलो होतो हे माझ्या ध्यानातही आलं नाही. काय बोलणार होतो कुणास ठाऊक. तोंड उघडलं होतं एवढं खरं.

वस्तादांनी माझ्याकडं बघितलं. सरळ, नीट, अनोळखी पैलवान बघावा तसं वरपासून खालपर्यंत. मग माइक तोंडाशी धरून म्हणाले, "ओ पाव्हणं, खाली बसा की. मागच्या गड्यांना दिसंना झालंय."

मी खाली बसलो.